एक सेकंद कमी

ताईंच्या घरात चालू घड्याळ नव्हतं. भिंतीवर एक होतं, पण ते बंद पडलेलं, आणि त्यात सेल घालून देऊ का असं विचारणाऱ्याला ताई दुसऱ्यांदा चहा विचारत नसत. गल्लीत त्यावर थट्टा व्हायची. जिनं तीस वर्षं दुसऱ्यांची घड्याळं लावली तिला वेळ विचारायला शेजारी जावं लागतं, असं शेजारीणच हसत सांगायची. ताईही हसायच्या. चहाचा कप त्या दोन्ही हातांनी धरायच्या, लहान मूल धरतं तसा. त्याचीही लोकांना सवय झाली होती. थंडी वाजत असेल, म्हणायचे.

कप दोन्ही हातांनी का आणि घड्याळ बंद का, हे मला माहीत होतं. अठरा वर्षं माहीत होतं आणि अठरा वर्षं मी मूग गिळून बसलो होतो. ताई मागच्या महिन्यात गेल्या. आता बोलणं म्हणजे बैल गेला नि झोपा केला. पण बोलायला हवं, कारण हे ऐकायचं ज्याचं काम आहे तो माणूस अजून यायचाय.

आमच्या शहराच्या मागे एक खळगा आहे. मोठा, बशीसारखा पसरट, आणि त्यात वेळ हळू चालतो. का चालतो ते मला विचारू नका, शिकलेल्यांनी त्यावर हयात घालवली आहे. आमचा अर्धा दिवस गेला की खळग्यात एक मिनिट जातं. आमची बारा मिनिटं म्हणजे तिथला एक सेकंद. आणि खळग्याच्या पार तळाशी एक अरुंद पट्टा आहे, तिथे तर वेळ इतका मंद की तिथे जाऊ नये एवढंच सगळ्यांना शिकवलेलं. या खळग्यावरून आमचं आणि पलीकडच्यांचं युद्ध जुंपलं होतं. कशासाठी, ते आमच्यासारख्यांना कधी कुणी सांगितलं नाही, आणि आम्हीही विचारलं नाही. आम्हाला खळग्याच्या काठावरच्या शेडमध्ये नोकरी होती.

खळग्यात बाहेरून हुकूम पोचत नसे. आपण इथून मिनिटभर बोललो तर आत नुसतं चर्रकन वाजायचं. म्हणून दोन्ही बाजूंनी ड्रोनचे थवे सोडायचे, आणि थव्यानं आत गेल्यावर आपल्या अकलेनं लढायचं. तीनशे ड्रोन, एकामागून एक. दोन ड्रोनमध्ये बाहेर बारा मिनिटांचं अंतर ठेवावं लागे, तेव्हा कुठे आत ते एकेका सेकंदाच्या अंतरानं पोचायचे. घाई केली तर काठावरच एकमेकांच्या अंगावर जायचे. दर बारा मिनिटांनी घंटा वाजायची आणि मी ड्रोन ढकलायचो. लाकडी उतरणीला आम्ही घसरपट्टी म्हणत असू, आणि मला सगळे ढकल्या म्हणत. अजूनही म्हणतात.

माझ्या घसरपट्टीच्या मागे लाकडी भिंत होती, तिला एक खिडकी, खिडकीला वर-खाली सरकणारी झडप, आणि झडपेपलीकडे ताई. प्रत्येक ड्रोनच्या पोटात एक घड्याळ असे. ते आधीच्यापेक्षा बरोबर एक सेकंद पुढे लावून, थांबवून ठेवायचं. ड्रोननं काठ ओलांडला की ते आपोआप चालू व्हायचं, म्हणजे आत सगळ्या थव्याची वेळ एक. थवा आपला-परका त्याच्यावरून ओळखायचा. ज्याचं घड्याळ जुळलं तो आपला, नाही जुळलं तो शत्रू. दुसरी खूण नव्हती.

हे काम यंत्रावर सोपवून पाहिलं होतं. यंत्र हजारात एकदा चुकायचं. ताई चुकत नव्हत्या. आधी त्या पाण्याचे मीटर बनवणाऱ्या कारखान्यात काटे बसवायच्या, तिथून इथे आल्या. चष्म्याला दोरा, उजव्या करंगळीचं नख जरा वाढवलेलं. बटण फिरवायच्या आधी त्या श्वास सोडून द्यायच्या, मग नखानं हलकेच एक टिचकी. त्यांच्यासमोर ‘जवळपास’ म्हणायची सोय नव्हती. मी एकदा म्हटलं, जेवणाची सुट्टी व्हायला आली जवळपास. ताई म्हणाल्या, चार मिनिटं आहेत, आणि ती चार मिनिटं काम केलं.

आमची एक रीत होती. ताई झडप वर करून ड्रोन पुढे सरकवताना त्याचा नंबर म्हणायच्या, मी तोच नंबर परत म्हणायचो. हाकेला हाक. आणि ड्रोन घसरपट्टीवर अडून बसला, घंटा वाजून गेली, तर मी ओरडायचो, “नंबर हुकला!” आणि ड्रोन खिडकीतून परत द्यायचो. ताई त्याच्या घड्याळात आणखी एक सेकंद घालायच्या. मग पुढच्या घंटेला तो जायचा. कुठे लिहून ठेवायची भानगड नव्हती. एकमेकांना दिलेली हाक हीच आमची नोंद.

ताईंनी लग्न केलं नाही. आईवडील लवकर गेले, आणि सात वर्षांनी लहान असलेला भाऊ त्यांनीच वाढवला. त्याला सगळे धाकटा म्हणत. तो खळग्याच्या अर्ध्या उतारावर असलेल्या चौकीत दिवा राखायचा. एकट्याची चौकी होती. त्याची ड्युटी आठ तासांची, म्हणजे आमचे आठ महिने. तो सकाळी डबा घेऊन जायचा आणि आमचे दोन ऋतू उलटल्यावर रिकामा डबा हलवत यायचा. आल्यावर त्याला काहीच ठाऊक नसायचं. कोण मेलं, कुणाचं लग्न झालं, भाडं कितीनं वाढलं, सगळं ताई त्याला एका बैठकीत सांगायच्या आणि तो खो खो हसायचा. अशा दहा ड्युट्या झाल्या. सात वर्षांचं अंतर चौदावर गेलं. एकदा तो दारातून आत आला, ताईंकडे पाहिलं आणि सहज म्हणाला, “ताई, सकाळी तर तुझे केस काळे होते.” त्या दिवशी ताई हसल्या नव्हत्या. मी तिथे होतो. मला दिसलं होतं.

दिसलं होतं, तरी मी बोललो. माझ्या जिभेला हाड नाही. धाकटा अकराव्या ड्युटीवर गेलेला, आम्ही शेडमध्ये चहा पीत होतो, आणि मी चारचौघांत म्हणालो की ताई, अजून दहा ड्युट्या झाल्या की लोक त्याला तुमचा मुलगा म्हणतील, आणि वीस झाल्या की नातू. सगळे हसले. ताईंनी कप खाली ठेवला, आत गेल्या आणि झडप ओढून घेतली.

पाच दिवस त्या माझ्याशी बोलल्या नाहीत. ड्रोनवर खडूनं नंबर लिहून सरकवायच्या आणि झडप बंद. मी काय करायला हवं होतं ते मलाही कळत होतं. झडप वाजवायची आणि म्हणायचं, ताई, चुकलो. एवढंच. पण माझं नाक वर. थट्टाच तर केली, असं मी स्वतःला सांगत होतो. आधी कोण बोलतं ते बघू, हेही सांगत होतो. माणूस चाळिशीत किती मूर्ख असू शकतो याला मर्यादा नाही.

त्याच पाच दिवसांत मोठा थवा निघाला होता. अडीच दिवस घंटा वाजत राहिली. पलीकडूनही तेवढाच मोठा थवा येत होता, आणि दोघांची गाठ पडणार होती ती चौकीच्या बरोबर वर. शेवटचा, तीनशेवा ड्रोन मी ढकलला आणि हात झटकतोय तोच शेडचे साहेब धावत आले. तह झाला होता. दोन्ही बाजू मागे फिरणार होत्या. परत फिरा असा इशारा देणारा एक हलका, वेगवान ड्रोन पुढच्याच घंटेला सोडायचा होता. तिकडूनही तसाच सुटत होता. वेळेत पोचला असता. मिनिटभर उरेल एवढ्या आधी पोचला असता.

ताईंनी तीनशे एकवं घड्याळ लावलं. त्या वेळी आतला माणूस त्यांचा होता, सगळ्या शेडला माहीत होतं. झडप वर झाली, ड्रोन आला, झडप खाली गेली. घंटा वाजली. मी ढकलला आणि ड्रोन तिथेच अडला.

पंख्यात खडा होता. मी फुंकर मारली, तारेनं उकरलं, खडा निघाला. तोवर नंबर हुकला होता. साहेब बाहेर फोनवर तहाची बातमी कुणाला तरी सांगत होते. आता ड्रोन परत द्यायचा आणि हाक मारायची. मी झडपेपर्यंत गेलो. वाजवायला हात उचलला. आणि मनात आलं, म्हणजे आधी मीच वाजवायची? एका सेकंदानं असं काय होतंय?

हात खाली घेतला. पुढची घंटा वाजली आणि मी ड्रोन ढकलला. नीट गेला. मी घाम पुसला, आणि खरं सांगतो, मला बरंही वाटलं.

खळग्यातली लढाई काठावरून दिसते. बिनआवाजाची आणि इतकी सावकाश, की सकाळी पाहिलेलं दृश्य दुपारी जेमतेम सरकलेलं असतं. सगळे काठावर जमले होते, कारण या वेळी लढाई होणार नव्हती, थवे परत फिरताना पाहायचे होते. ताई दुर्बिणीपाशी होत्या. दुसऱ्या दिवशी सकाळी आमचा ड्रोन थव्यापाशी पोचला. पलीकडचा थवा वळायला लागला होता. आमच्या थव्यातले चार ड्रोन या नव्या ड्रोनकडे तोंड करून सरकले. स्वागत करायला, असं कुणीतरी म्हणालं. दुपारपर्यंत त्यांनी त्याचे तुकडे केले.

बाकी कुणाला काही कळत नव्हतं. मला सगळं कळत होतं.

मग आमचा थवा पाठमोऱ्या थव्यावर पडला, तो थवा पुन्हा उलटा वळला, आणि तह होऊन गेलेल्या दोन बाजूंची लढाई दोन दिवस चालली. सहाशे ड्रोन, उन्हाच्या तिरिपेत धूळ तरंगते तसे. कागदावर युद्ध संपलेलं, आणि आम्ही हातावर हात धरून ते बघत होतो. एक तुटलेलं पातं सकाळपासून पडत होतं ते जेवणाच्या वेळी जमिनीवर पोचलं.

चौकीचं दार उघडायला लागलं तेव्हा ताईंना कुणीतरी खुर्ची आणून दिली. दार उघडायला पाऊण तास गेला. धाकटा बाहेर आला, मान वर करून पाहिलं, त्यात आणखी तेवढा वेळ. वर येणाऱ्या वाटेवर तुकड्यांचा नुसता सडा पडत होता. पोर करणार काय? तो खालच्या बाजूला पळाला, तळाकडे. ताई दुर्बिणीला डोळा लावून पुटपुटत होत्या, “खाली नको रे. खाली नको, बाळा.” पहिली दहा-बारा पावलं संध्याकाळच्या आत झाली. पुढचं एक पाऊल पडायला आठवडा लागला. त्याच्या पुढचं, पाच महिने. मग तो तळाच्या पट्ट्यात शिरला.

तो जिवंत आहे. एक ओरखडासुद्धा नाही. अठरा वर्षांत तो तिथे सात पावलं चाललाय, आणि थांबवायला जाणारा त्याच्याच मागे अडकेल, म्हणून कुणी जात नाही. पट्टा ओलांडून तो पलीकडच्या चढाला लागेल आणि बाहेर येईल. त्याला वाटेल, अर्धा मिनिट पळालो. गणित करणारे सव्वाशे वर्षं सांगतात.

परतलेल्या ड्रोनमध्ये सगळं टिपलेलं होतं. तीनशे एकव्याची ओळख पटली नाही, घड्याळ एक सेकंद कमी. चौकशी झाली, टेबलामागे तिघं बसले होते. ताईंना विचारलं, घड्याळ लावताना हात स्थिर होते का? ताई कधी खोटं बोलल्या नाहीत. म्हणाल्या, नव्हते, भाऊ आत होता, हात कापत होते. मग मला विचारलं, ड्रोन घंटेला सोडला होता का? मी म्हणालो, घंटा वाजली आणि ढकलला. यात एक अक्षर खोटं नव्हतं. कुठली घंटा, ते त्यांनी विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही.

ताईंना शिक्षा झाली नाही. त्यांनी स्वतःच नोकरी सोडली, आणि एका इस्पितळाच्या धुलाईघरात चादरींच्या घड्या घालायला लागल्या. तिथे कितीही चुकलं तरी कुणाचं काही बिघडत नाही, असं त्या सांगायच्या. घरच्या घड्याळातला सेल काढून टाकला. स्वतःच्या बोटांवर त्यांचा विश्वासच राहिला नव्हता. म्हणून तो कप दोन्ही हातांनी.

आणि माझ्याशी त्या आपणहून बोलल्या. चौकशीच्या दुसऱ्या दिवशी शेडमध्ये सामान न्यायला आल्या, माझ्यासमोर उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, चहा घेतलास का? थट्टा त्यांनी मनातून काढून टाकली होती. मला तोंडात मारली असती तर बरं झालं असतं.

मग दर रविवारी मी त्यांच्यासोबत काठावर जायला लागलो. त्यांचं स्टूल मी उचलायचो. त्या दुर्बिणीतून पाहायच्या आणि सांगायच्या, टाच उचलली बघ. पुढच्या वर्षी सांगायच्या, गुडघा पुढे आला. दर वेळी मी ठरवून जायचो की आज सांगायचंच, आणि दर वेळी स्टूल घेऊन परत यायचो. लोक म्हणायचे, ढकल्यानं शेजारधर्म काय पाळलाय.

या वर्षी ताई अंथरुणाला खिळल्या. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन दिवस सांगितले. तेव्हा कुठे माझी जीभ सुटली. सकाळी अकराच्या सुमाराला त्यांच्या पलंगाशेजारी बसून मी सगळं सांगितलं, खड्यापासून घंटेपर्यंत. ताई छताकडे पाहत होत्या.

मग त्यांनी विचारलं, “हात उचलला होतास?”

“हो.”

“झडप वाजवली असतीस तर उघडली असती रे मी. पाच दिवस त्याचीच वाट बघत होते.”

मी मान खाली घातली. क्षमा मागायला तोंड उघडलं, पण त्यांनी बोट वर केलं.

“धाकटा गेला ते जाऊ दे. तो येईल, मी नसेन, एवढंच. पण माझा हात चुकला नव्हता. अठरा वर्षं मी चादरी घडी करत बसले, आणि माझा हात चुकला नव्हता.” त्यांचा आवाज चढला नाही. “मला आता सांगून तू मोकळा झालास. मला कुठे मोकळं व्हायचंय? त्याला सांग. बाहेर आला की लोक त्याला सांगतील, तुझ्या बहिणीनं चूक केली. त्याच्या आधी त्याला सांग.”

सव्वाशे वर्षांनी येणाऱ्या माणसाला सांगायचं म्हणजे लिहूनच सांगायला हवं. म्हणून हे लिहिलं. एक प्रत तो जिथे बाहेर येईल त्या काठावरच्या चौकीत पत्र्याच्या पेटीत ठेवली आहे, एक त्या चौकशीवाल्यांना पाठवली आहे, आणि एक शेजारणीकडे, म्हणजे गल्लीत सगळ्यांना कळेल. धाकट्या, तुझ्या ताईनं घड्याळ बरोबर लावलं होतं. तीनशे एकच्या तीनशे एक घड्याळं बरोबर लावली होती. हात कापत असतानासुद्धा.

त्या दिवशी मी उठून निघालो तेव्हा ताई म्हणाल्या, ते भिंतीवरचं घड्याळ काढ. मी काढलं, पुसलं, टॉर्चमधला सेल काढून त्यात घातला आणि त्यांच्या मांडीवर ठेवलं. त्यांनी मागचं बटण चाचपलं, श्वास सोडला आणि विचारलं, किती वाजले? मी मनगटाकडे पाहिलं आणि सांगितलं, अकरा वाजून वीस.

ताईंनी बटण फिरवलं नाही. माझ्याकडे नुसतं पाहिलं.

“तू नको सांगूस. शेजारणीला बोलाव.”

मी गेलो. शेजारीण हात पुसत आली, तिनं आपल्या घड्याळात पाहिलं आणि म्हणाली, अकरा वाजून बावीस. मग ताईंनी एका हातानं काटा फिरवला.